सत्तेचे सोंग आणि जब्बार पटेल यांचे चित्रपट

व्याख्यानाचा विषय कळवला तेव्हा मंडळातील एका स्नेह्यांनी मला सरळच विचारले, "बिडी कामगारांची संघटना चालवणारा माणूस सिनेमावर काय बोलणार?" प्रश्न रास्त होता. माझे शालेय शिक्षण दहावीच्या अलीकडेच थांबले. पुढे जे काही वाचन झाले ते वाचनालयाच्या कपाटातून आणि बैठकी आटोपल्यावर रात्री कंदिलापाशी. छायाचित्रणाचे किंवा संकलनाचे शास्त्र मला अवगत नाही. पण एका मराठी चित्रपटात माझ्याच धंद्यातला एक माणूस आहे, आणि त्या माणसामुळे एके रात्री आमच्याच कामगार बायांसमोर मला मान खाली घालावी लागली. तेव्हापासून हा चित्रपट आणि तो करणारा दिग्दर्शक माझ्या डोक्यातून गेलेले नाहीत. चित्रपट 'सिंहासन' आणि दिग्दर्शक डॉ. जब्बार पटेल. त्यांच्या राजकीय चित्रपटांची ओळख करून देणे एवढाच माझा आजचा हेतू आहे.

आधी उपहास म्हणजे काय ते पाहू. आपल्या झाडीपट्टीतील माणसाला तो समजावून सांगावा लागत नाही. खडी गंमत आपण सर्वांनी पाहिलेली आहे. रात्रभर उभ्याने चालणाऱ्या त्या खेळात शाहीर असतो, नाच्या असतो, डफ आणि तुणतुणे असते. आणि मध्येच कोणीतरी डोक्याला फेटा गुंडाळून मालगुजार होतो, कोणी बगलेत वही मारून पटवारी होतो. १९५१ साली मालगुजारी कायद्याने गेली, पण गंमतीतला मालगुजार काही लवकर गेला नाही. लोक त्याला हसत, आणि ज्याच्यावरून ते सोंग घेतलेले असे तो पुढच्या रांगेत बसून स्वतःही हसत असे. ही गोष्ट ध्यानात ठेवावी. ज्याला आपण हसतो तोही आपल्याबरोबर हसू लागला, तर आपल्या हसण्याचे पुढे काय होते, हा प्रश्न मला या विषयाच्या मुळाशी आहे असे वाटते.

नुसता विनोद माणसाच्या चुकीला हसतो. उपहास माणसाच्या जागेला हसतो. खुर्चीवरचा माणूस घसरून पडला तर तो विनोद झाला. त्या खुर्चीवर जो बसेल तो तसाच वागणार हे दाखवले तर तो उपहास. पटेलांच्या चित्रपटांतील हसे या दुसऱ्या जातीचे आहे, म्हणून त्यात खदखदून हसण्याच्या जागा थोड्या. हसू ओठापर्यंत येते आणि तिथेच थांबते.

मराठी चित्रपटात हे अगदी नवे नव्हते. आचार्य अत्रे यांनी लिहिलेला आणि मास्टर विनायक यांनी दिग्दर्शित केलेला 'ब्रह्मचारी' १९३८ सालचा. त्याच जोडीची 'ब्रँडीची बाटली' १९३९ सालची. पहिल्यात ब्रह्मचर्याच्या आणि संघटनेच्या शपथांची टिंगल आहे, दुसऱ्यात दारूबंदीच्या उत्साहाची. पण त्यांचा रोख ढोंगावर होता; राज्य तेव्हा इंग्रजांचे होते आणि त्याच्यावर उघड बोट ठेवण्याची सोय नव्हती. रंगभूमीवर वसंत सबनीस यांच्या 'विच्छा माझी पुरी करा' या वगाने १९६५ नंतर राजा, प्रधान आणि कोतवाल यांची यथेच्छ रेवडी उडवली. स्वराज्यातल्या सत्तेला चित्रपटात आरसा दाखवण्याचे काम मात्र सत्तरच्या दशकापर्यंत राहून गेले होते.

जब्बार पटेल यांचा जन्म १९४२ सालचा, पंढरपूरचा. शिक्षण सोलापुरात आणि मग पुण्याच्या बी. जे. वैद्यकीय महाविद्यालयात. ते बालरोगतज्ज्ञ झाले आणि दौंड या रेल्वेच्या गावी त्यांनी दवाखाना थाटला. दिवसा मुलांच्या छातीला नळी लावायची आणि तिथून पुण्याला ये-जा करून नाटकाच्या तालमी घ्यायच्या, असा त्यांचा क्रम होता. पगारी नोकरी सांभाळून संध्याकाळी संघटनेचे काम करणारी माणसे मी पुष्कळ पाहिली आहेत; त्या जातीची ही चिकाटी मला ओळखीची वाटते. रोजची भाकर दवाखान्यातून मिळत असल्यामुळे नाटकात कोणाचे मन राखण्याची गरज त्यांना पडली नसावी, असाही माझा एक तर्क आहे.

त्यांच्या नावाचा गाजावाजा झाला तो विजय तेंडुलकर यांच्या 'घाशीराम कोतवाल' या नाटकामुळे. पुण्याच्या प्रोग्रेसिव्ह ड्रामॅटिक असोसिएशनने १६ डिसेंबर १९७२ रोजी त्याचा पहिला प्रयोग केला. दिग्दर्शन पटेलांचे, संगीत भास्कर चंदावरकरांचे, नाना फडणवीसांच्या भूमिकेत डॉ. मोहन आगाशे. पेशवाईच्या पुण्यात एक परका ब्राह्मण अपमानित होतो, सूडाने पेटतो, आपली मुलगी नानाच्या हवाली करून कोतवालीचा अधिकार विकत घेतो, शहरावर जुलूम करतो, आणि त्याचा उपयोग संपताच नाना त्याला जमावाच्या हाती देऊन टाकतो. रंगमंचावर पडद्याच्या जागी माणसांचीच एक भिंत उभी असते. ती गाते, नाचते, झुलते. हवे तेव्हा आतले झाकते आणि हवे तेव्हा उघडे करते. इतिहासाचा विपर्यास केला, ब्राह्मणांची बदनामी केली, असा ओरडा झाला आणि १९ प्रयोगांनंतर मूळ संस्थेनेच नाटक थांबवले. तेव्हा ही तरुण मंडळी बाहेर पडली आणि मार्च १९७३ मध्ये त्यांनी 'थिएटर अॅकॅडमी' ही आपली संस्था काढली. तिच्या वतीने नाटक पुन्हा उभे राहिले आणि विरोधाला तोंड देत १९८० साली युरोपचा दौराही करून आले.

मी हे थोडे विस्ताराने सांगितले, कारण पटेलांच्या पुढच्या साऱ्या राजकीय चित्रपटांचे बी या नाटकात आहे. सत्ता स्वतः हात मळवत नाही. ती आपल्या कामापुरता एक माणूस उभा करते, त्याला मोठा होऊ देते, आणि लोक खवळले की त्यालाच त्यांच्यापुढे टाकून स्वतः मोकळी होते. आमच्या धंद्यात ही रीत जुनीच आहे. बिडीचा मालक कधी बाईच्या तोंडापुढे येत नाही. मध्ये सट्टेदार असतो. पान कमी तोलणारा तो, बिडी छाटणारा तो, शिव्या खाणारा तो. प्रकरण अंगाशी आले की मालक सट्टेदाराला काढतो आणि दुसरा नेमतो. बायांना वाटते, जिंकलो.

पहिला चित्रपट 'सामना'. १९७४ साली तयार झाला आणि १९७५ साली बर्लिनच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या स्पर्धेत गेला. निर्माते रामदास फुटाणे हे चित्रकलेचे शिक्षक, पुढे आपल्या उपरोधिक कवितांनी घरोघर माहीत झालेले. लेखन तेंडुलकरांचे. एका शिक्षकाने, एका डॉक्टराने आणि एका नाटककाराने मिळून केलेला हा काळ्या-पांढऱ्या रंगातला चित्रपट आहे. त्यात ना मोठी नटी, ना मोठा खर्च.

कथा पश्चिम महाराष्ट्रातील एका साखरसम्राटाची. हिंदुराव धोंडे पाटील हे त्याचे नाव आणि निळू फुले यांनी ते वठवले. गावात कारखाना त्याचा, संस्था त्याच्या, माणसे त्याची. त्या गावात एक दारुडा मास्तर येऊन पडतो. डॉ. श्रीराम लागूंनी केलेला हा मास्तर एके काळचा ध्येयवादी, आता सर्वस्व हरवलेला. हिंदुराव त्याला उचलून घरी आणतो, कपडे देतो, दारू पाजतो, आपले वैभव हिंडवून दाखवतो. इथे चित्रपटाचे खरे सामर्थ्य आहे. हिंदुराव मास्तरला धमकावत नाही, तो त्याचे आदरातिथ्य करतो. आणि मास्तर त्याची दारू पीत पीत एकच प्रश्न धरून बसतो. गावातला मारुती कांबळे नावाचा माणूस नाहीसा झालेला आहे. त्याचे पुढे काय झाले? हा प्रश्न पुन्हा पुन्हा येतो, कधी बरळण्यासारखा, कधी विनवणीसारखा. पहिल्यांदा आपल्याला हसू येते. चौथ्या-पाचव्या खेपेला हसू येत नाही.

सहकारी कारखानदारी वाईट, असे हा चित्रपट म्हणतो असे मला वाटत नाही. प्रवरानगरला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी जी सहकाराची वाट पाडली तिने शेतकऱ्याच्या घरी चार पैसे आणले, हे नाकारण्यात अर्थ नाही. चित्रपट एवढेच विचारतो की, ज्या हाताने गावाला रस्ता, शाळा आणि नोकरी मिळाली त्याच हाताने एक माणूस नाहीसा केला, तर रस्ता, शाळा आणि नोकरी मिळालेल्यांनी काय करायचे? गप्प बसायचे काय? हिंदुराव एकटा खलनायक असता तर गोष्ट सोपी होती. पण तो सगळ्यांचा पोशिंदा आहे, म्हणून सगळे मुके आहेत.

आपल्या भागात ऊस थोडा आणि धान फार, म्हणून हा प्रश्न दूरचा आहे असे कोणी समजू नये. २९ सप्टेंबर २००६ रोजी आपल्याच भंडारा जिल्ह्यात, मोहाडी तालुक्यातील खैरलांजी येथे एका दलित कुटुंबातील चौघांची हत्या झाली. संध्याकाळची वेळ होती, गाव जागे होते, तरी पहिले काही दिवस या प्रकाराची बाहेर कोणाला धड वार्ताही लागली नाही. त्या दिवसांत मला वारंवार 'सामना'तील मास्तर आठवत होता. आपल्या गावोगाव मास्तर पुष्कळ आहेत, शुद्धीवर असलेलेही आहेत; त्यांच्यापैकी किती जणांनी विचारले, आणि मी स्वतः किती दिवसांनी विचारले, याचा हिशेब ज्याने त्याने करावा. माझा हिशेब चांगला नाही.

निळू फुले यांच्याबद्दल दोन शब्द विषयाला सोडून सांगतो. हे गृहस्थ पुण्याच्या लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळी होते आणि राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात वगनाट्ये करीत. ज्याने आयुष्यभर पडद्यावर पाटलाची आणि पुढाऱ्याची अरेरावी केली तो माणूस खासगी आयुष्यात समाजवादी चळवळीचा निष्ठावंत कार्यकर्ता होता. त्यांना पाहून खेड्यातील बाया खरोखर घाबरत. माझ्या आईला त्यांचे नाव काढले तरी चालत नसे. असो.

यानंतर १९७७ साली पटेलांनी गो. नी. दांडेकरांच्या कादंबरीवरून 'जैत रे जैत' केला. तो ठाकरांच्या जीवनावरचा आणि गाण्यांनी भरलेला आहे. आपल्या विषयाशी त्याचा संबंध नाही. १९७८ साली ब्रेश्टच्या एका जर्मन नाटकाचे पु. ल. देशपांडे यांनी केलेले मराठी रूप 'तीन पैशांचा तमाशा' त्यांनी रंगभूमीवर आणले. चोर, भिकारी आणि पोलीस यांचे हितसंबंध कसे एक असतात हे त्यात गाण्याबजावण्यातून येते. हे सारे 'सिंहासन'च्या पायऱ्या चढण्यासारखे होते.

'सिंहासन' १९७९ चा. अरुण साधू यांच्या 'मुंबई दिनांक' आणि 'सिंहासन' या दोन कादंबऱ्या एकत्र करून तेंडुलकरांनी पटकथा लिहिली. साधू हे आपल्या विदर्भातले, परतवाड्याचे. मुंबईत वार्ताहर म्हणून काम करताना त्यांनी मंत्रालयाचे अंतरंग जवळून पाहिले होते. एका निनावी दूरध्वनीने मुख्यमंत्र्यांना कळते की त्यांना पाडण्याचा कट शिजतो आहे. मग दिवसरात्र कोण कोणाला भेटतो, कोण कोणाला टाळतो, कोणाची फाईल कुठे थांबते, कोणत्या भेटीत काय ठरते, एवढीच कथा. मुख्यमंत्री जिवाजीराव शिंदे यांच्या भूमिकेत अरुण सरनाईक, त्यांच्या खुर्चीवर डोळा असलेले अर्थमंत्री विश्वासराव दाभाडे यांच्या भूमिकेत डॉ. लागू, आणि हे सारे पाहत हिंडणारा वार्ताहर दिगू टिपणीस म्हणजे निळू फुले.

इथे पटेलांनी केलेली एक अदलाबदल पाहण्यासारखी आहे. 'सामना'त फुले सत्ता होते आणि लागू साक्षीदार. 'सिंहासन'मध्ये लागू सत्ता झाले आणि फुले साक्षीदार. तेच दोन नट, जागा उलट. जो काल हिंदुराव होता तो आज हताशपणे बघतो आहे, आणि जो काल प्रश्न विचारीत होता तो आज खुर्चीसाठी डाव मांडतो आहे. हे मुद्दाम केले की योगायोगाने झाले या वादात मी पडत नाही; पण उपहास माणसाच्या जागेला हसतो असे मी आरंभी म्हटले, त्याचे याहून चांगले उदाहरण मला देता येणार नाही.

चित्रपटात मोठी भाषणे नाहीत. आवाज चढवणारा क्वचित. मंत्री हळू बोलतात, हसून बोलतात, तब्येतीची चौकशी करतात. महाराष्ट्रात दुष्काळ असतो, महागाई असते, पण ती या खोल्यांत येते ती केवळ डाव म्हणून: अमुक प्रश्न पेटवला तर कोण अडचणीत येईल? सत्तेची चटक कशी असते हे दाखवायला पटेलांना दारूची, पैशाच्या पेट्यांची फार गरज पडलेली नाही. दोन माणसे कोचावर बसून बोलतात आणि आपल्या अंगावर काटा येतो. सुरेश भटांचे एक गीत आशा भोसले यांच्या आवाजात येते, संगीत हृदयनाथ मंगेशकरांचे. ते पुढे कित्येक मोर्च्यांत आम्हीच गायिले. शेवटी सरकार पडत नाही. पडतो तो वार्ताहर. हे सारे पाहून दिगूचे डोके फिरते. एवढ्या मोठ्या घडामोडींचा एकमेव परिणाम म्हणजे एका सज्जन माणसाचे वेड.

आता त्या डिकास्टाकडे येतो. सतीश दुभाषी यांनी वठवलेला हा कामगार पुढारी. बुद्धिमान, वाक्चतुर, हजारो माणसे त्याच्या एका शब्दावर काम थांबवतील असा. मंत्री त्याच्याशी बोलतात आणि तो मंत्र्यांशी. संप हे कामगाराचे शेवटचे हत्यार. इथे ते सत्तेच्या पटावरची एक सोंगटी होते. त्याच्याबद्दल चीड येते म्हणावे तर तो लबाड वाटत नाही. सारे समजत असूनही खेळात उतरलेला वाटतो. 'सिंहासन' नंतर तीनच वर्षांनी, १८ जानेवारी १९८२ रोजी, डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली मुंबईत अडीच लाखांच्या घरात गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. तो रीतसर कधी मिटलाच नाही. गिरण्या गेल्या, आणि पुढे त्या जमिनींवर मनोरे उभे राहिले. त्या संपाला डिकास्टाचे माप लावणे अन्यायाचे होईल. पण संप पुकारणारा कोण, थांबवणारा कोण आणि त्यातून फायदा कोणाचा, हे तीन प्रश्न चित्रपटाने आधीच विचारून ठेवले होते.

१९९६ सालच्या पावसाळ्यात आमच्याकडे बिडी बायांचे काम बंद होते. मागण्या दोन: मजुरीचा दर वाढवावा, आणि छाटीला मर्यादा घालावी. छाट म्हणजे काय हे ज्यांच्या घरी बिडी नाही त्यांना सांगतो. बाई हजार बिड्या वळून नेते. त्यातल्या काही खराब म्हणून बाजूला काढतात आणि त्यांची मजुरी देत नाहीत. त्या बिड्या फेकून देतात असे मात्र नाही. तीन आठवडे गेले. घरोघरी चुली मंद झाल्या. एके रात्री मला बंगल्यावर बोलावणे आले आणि मी गेलो, एकटा. चहा झाला, मुलांची चौकशी झाली. छाटीला मर्यादा मिळाली, दराची मागणी मी सोडून दिली. पैसा मी घेतला नाही. दुसऱ्या दिवशी सभेत जाहीर केले, बायांनी टाळ्या वाजवल्या, काम सुरू झाले.

दोन महिन्यांनी, संघटनेच्या वर्गणीतून व्हिडिओचे यंत्र भाड्याने आणून मी बायांना 'सिंहासन' दाखवला. राजकारण समजावे हा माझा हेतू. शिकवण्याची हौस मला पहिल्यापासून आहे. पडवीत चाळीसेक बाया होत्या, अर्ध्या झोपल्या. मंत्र्यांची नावे त्यांच्या ध्यानात राहिली नाहीत. पण संपल्यावर एका म्हातारीने, जिने चाळीस वर्षे बिडी वळली होती, मला विचारले, "भाऊ, तो युनियनवाला रातीचा बंगल्यावर जाते. तुमी गेलते तवा आमाले काऊन नाही नेलं जी?"

तिच्या बोलण्यात राग नव्हता. ती खरोखरच विचारीत होती. मी पैसे घेतले नव्हते हे तिला माहीत होते. तिचा प्रश्न पैशाचा नव्हताच. दराची मागणी माझी नव्हती, ती त्यांची होती, आणि ती सोडून देताना मी एकटा होतो. मी काय उत्तर दिले ते सांगण्यासारखे नाही. बायांना ठाऊक होते तेवढे मला ठाऊक नव्हते, आणि ते मला एका म्हातारीने आणि एका चित्रपटाने मिळून सांगितले.

या अनुभवानंतर मी 'सिंहासन' अनेकदा पाहिला, आणि मला त्यात एक उणीवही दिसू लागली. त्यात कामगार पुढारी आहे, पण कामगार म्हणजे नुसती गर्दी. ती म्हातारी त्यात कुठेच नाही. सारे सांगणे वरून खाली आहे. खालून वर कोणी पाहतच नाही. म्हणून दिगूपुढे वेडाशिवाय वाट उरत नाही. 'सामना'तल्या दारुड्या मास्तराजवळ निदान एक प्रश्न तरी होता. मला 'सामना' श्रेष्ठ वाटतो तो यामुळे. जाणकारांचे मत पुष्कळदा उलट असते, हे मी जाणून आहे.

दुसरी एक गोष्ट. 'सिंहासन'चे चित्रण खुद्द मंत्रालयात झाले. त्या वेळचे मुख्यमंत्री शरद पवार यांनी परवानगी दिली. सरकारची टिंगल सरकारी कचेरीत बसून करायला सरकारनेच मुभा द्यावी, ही मोठ्या मनाची गोष्ट आहे. चारच वर्षांपूर्वीच्या आणीबाणीत अमृत नाहटा यांच्या 'किस्सा कुर्सी का' या हिंदी चित्रपटाच्या प्रती जाळण्यात आल्या होत्या, हे आठवले म्हणजे या मुभेची किंमत कळते. पण मला गंमतीतला मालगुजार आठवतो. तोही पुढच्या रांगेत बसून हसत असे.

याच काळात ग्रीस देशात काय घडले ते ताडून पाहावे. तिथे २१ एप्रिल १९६७ रोजी लष्करी अधिकाऱ्यांनी सत्ता बळकावली. ती १९७४ पर्यंत चालली. कोस्ता-गाव्रास हा जन्माने ग्रीक आणि फ्रान्समध्ये काम करणारा दिग्दर्शक. ग्रिगोरिस लाम्ब्राकिस या शांततावादी खासदाराच्या १९६३ मधील हत्येवर त्याने १९६९ साली 'झेड' केला. ग्रीसमध्ये चित्रण अशक्य होते, म्हणून अल्जीरियात केले. 'सामना'प्रमाणेच तिथेही प्रश्न एकच: एका माणसाचे काय झाले, आणि कोण लपवीत आहे? निकोस पेराकिस हा दुसरा ग्रीक दिग्दर्शक. त्याने १९८४ साली, म्हणजे लष्करशाही जाऊन १० वर्षे झाल्यावर, लष्कराच्या दूरचित्रवाणी केंद्रावर नेमलेल्या कामचुकार शिपायांचा एक विनोदी चित्रपट केला आणि तो तिथे अतिशय लोकप्रिय झाला. म्हणजे जुलूम चालू असताना परदेशात राहून संतापाचा चित्रपट निघाला, आणि हसण्याचा चित्रपट जुलूम गेल्यावर मायदेशात निघाला. आपल्याकडे सत्ता जागेवर असताना, तिच्याच दालनात, हसण्याचा चित्रपट निघाला. याचा आपण अभिमान धरावा की यात आपल्या सत्तेचे चातुर्य पाहावे, हे मला आजवर नीट ठरवता आलेले नाही.

१९८२ चा 'उंबरठा' शांता निसळ यांच्या 'बेघर' या कादंबरीवरचा. महिलाश्रमाची अधीक्षक झालेली स्त्री आणि तिला पेलू न शकणारे घर, असा त्याचा विषय आहे आणि स्मिता पाटील यांचे काम विसरता येणार नाही. तो उपहास नाही. पुढे पटेलांनी शासनाच्या साहाय्याने डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्यावर मोठा इंग्रजी चित्रपट केला. तो २००० साली आला. मामुट्टी यांना त्यातील भूमिकेबद्दल राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. २०१४ साली यशवंतराव चव्हाण यांच्यावरही त्यांनी चित्रपट केला. आंबेडकरांवरचा चित्रपट आमच्या भागात लोकांनी हात जोडून पाहिला. पण ज्याने 'सिंहासन' केले त्यानेच महाराष्ट्राच्या पहिल्या मुख्यमंत्र्यांची बखर मांडावी, हे पाहून मला चुकल्यासारखे झाले हे कबूल करतो. आदर आणि उपहास एका हाताला सहसा साधत नाहीत.

मधला एक चित्रपट मात्र वगळून चालणार नाही. 'एक होता विदूषक', १९९२ चा, लेखन पु. ल. देशपांडे यांचे, गीते ना. धों. महानोर यांची, संगीत आनंद मोडक यांचे. त्या वर्षीचा सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळाला. तमाशातला एक सोंगाड्या, आबुराव, चित्रपटातला मोठा नट होतो आणि मग राजकारणी मंडळी त्याला आपल्या व्यासपीठावर ओढतात. भूमिकेत लक्ष्मीकांत बेर्डे. लोकांना त्यांची नेहमीची धमाल हवी होती, ती इथे नव्हती, म्हणून गर्दी जमली नाही. माझ्या मते पटेलांनी या चित्रपटात स्वतःलाच प्रश्न विचारला आहे. जो राजाला हसत होता त्याला राजाने आपल्या शेजारी खुर्ची दिली, तर त्याने काय करावे? आबुरावला हळूहळू हसवता येईनासे होते. त्याची लहान मुलगी हसत नाही, आणि हजारोंच्या सभेपेक्षा त्या एका पोरीला हसवणे त्याला अवघड जाते. तमाशाच्या कनातीपाशी जो मोकळेपणा होता तो मोटारीत बसल्यावर गेला. आपल्या झाडीपट्टीत नाटकवाल्यांना निवडणुकीच्या दिवसांत कोण कोण बोलावणी धाडतो, ते इथे बसलेल्यांना मी वेगळे सांगायला नको.

त्यानंतरच्या काळात हे काम इतरांनीही केले. उमेश कुलकर्णी यांचा २०११ चा 'देऊळ' त्यात मला विशेष वाटतो. गुराख्याला झाडाखाली दत्त दिसतो आणि मग पुढारी, व्यापारी व पत्रकार मिळून गावाचा कसा धंदा करतात हे त्यात आहे. त्यात खुर्चीला हसता हसता खुर्चीखाली बसलेल्या आपल्यालाही हसले आहे. पटेल स्वतः पुण्याच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाची धुरा वाहू लागले आणि शंभराव्या मराठी नाट्यसंमेलनाचे अध्यक्षही झाले.

त्या म्हातारीबद्दल सांगायचे राहिले. १९९६ नंतर आमच्या संघटनेने ठराव केला की बोलणीला कोणीही एकट्याने जायचे नाही, आणि जाणाऱ्यांत दोघी बिडी वळणाऱ्या बाया असल्याच पाहिजेत. पहिल्या खेपेस तीच आली. बैठकीत चहा आला तेव्हा तिने कप उचलला नाही. मालकांनी आग्रह केला, तर म्हणाली, "आदी छाटीचं सांगा जी, चहा मंग पिऊ." बोलणी दुपारी दोनला सुरू झाली आणि साडेसहाला संपली. चहा गार झाला होता. तो तिने उभ्याउभ्याच पिऊन टाकला.